चिठ्ठीतला आकडा आणि चिठ्ठी धाडणारा माणूस

(सोलापूर येथील स्मृतिव्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



ज्यांच्या स्मरणार्थ आपण दरवर्षी जमतो त्यांना आमचं अख्खं गाव नुसतं 'मास्तर' म्हणायचं. शाळेतले नव्हेत, पोस्टातले मास्तर. त्यांच्या पोस्टाच्या ओट्यावर मी लहानाचा मोठा झालो. ज्यांना अक्षरओळख नव्हती त्यांची पत्रं मास्तर वाचून दाखवायचे, उत्तरं लिहून द्यायचे आणि मी शेजारी बसून ऐकायचो.

१९७१ चा डिसेंबर मला आठवतो. लढाई पेटली होती. गावातल्या एका आईचा मुलगा फौजेत होता. त्याच्या पत्त्यात गाव नव्हतं, तालुका नव्हता, जिल्हा नव्हता. नंबर, हुद्दा, नाव, पलटण आणि शेवटी 'मार्फत ५६ एपीओ'. ती माउली दिवसाआड यायची, पदराखालून आंतर्देशीय पत्र काढायची, त्या आकड्यावर बोट ठेवायची आणि विचारायची, "मास्तर, हे छप्पन कुठशी आलं?"

ओट्यावर बसणाऱ्या जाणत्यांनी तिला आधीच उत्तरं दिली होती. एकानं काश्मीर सांगितलं, दुसऱ्यानं दिल्ली. एपीओ म्हणजे फौजेचं टपालघर. छप्पन हा आकडा हजारो जवानांच्या पत्रांवर तोच असतो, कारण पत्त्यावरून पलटणीचा ठावठिकाणा कुणाला कळू नये. मास्तरांना हे पक्कं ठाऊक होतं. पण त्यांनी ते तिला सांगितलं नाही. पत्र हातात घेतलं, आतली तारीख वाचली, बाहेरची मोहर भिंगाखाली धरली आणि म्हणाले, "हे बघा, या तारखेला त्यानं स्वतःच्या हातानं लिहिलंय. अक्षर सरळ आहे, घाईचं नाही. आज काय कळवायचं ते सांगा, आजच्याच थैलीत घालतो." ती खाली टेकली आणि मजकूर सांगू लागली.

त्या आईला जागा विचारायचीच नव्हती. पोरगं धड आहे का, एवढं तिला विचारायचं होतं आणि त्यासाठी तिच्या हाताशी तेवढा एक आकडा होता. माझ्या आजच्या व्याख्यानाचा विषय हाच आहे. अर्धवट लिहिलेली चिठ्ठी, तिच्यावर एखादा आकडा, एखादं अक्षर, आणि ती घेऊन समोर उभा राहिलेला माणूस. त्याला हवं काय आहे, हे ओळखायचं कसं?

मी आयुष्यभर खत-बियाण्यांच्या दुकानात काउंटरच्या आत उभा राहिलो. कामगार-गिरण्यांचं हे शहर. पण माझं गिऱ्हाईक मोहोळ, मंगळवेढा, पंढरपूर, नान्नजकडचं. आमच्याकडे शेतकरी खताचं नाव घेत नाही, आकडा सांगतो. अठरा सेहेचाळीस. दहा सव्वीस सव्वीस. बारा एकसष्ठ. झिरो बावन चौतीस. ऐकणाऱ्या नवख्याला वाटावं, कुणी तिकिटांचे नंबर वाचतंय. या आकड्यांचा क्रम ठरलेला असतो: पहिला नत्र, दुसरा स्फुरद, तिसरा पालाश, शंभरात किती भाग ते. एकदा ही रीत कळली की पिशवी न उघडता आत काय आहे ते कळतं, आणि आमच्या शेतकऱ्याला ती चांगली कळते. चौथी शिकलेला माणूसही बारा एकसष्ठ कधी सोडायचं आणि झिरो झिरो पन्नासला कधी हात लावायचा, हे बोटांवर मोजून सांगतो.

घोटाळा होतो तो चिठ्ठीत. एक पोरगा मोटरसायकलवरून आला. चिठ्ठीवर वडिलांच्या हातचं होतं: '०५० – २'. बस्स. आता हे झिरो झिरो पन्नास, म्हणजे सल्फेट ऑफ पोटॅश, की झिरो बावन चौतीस, ज्यातला बावन घाईत पन्नास झाला? दोन किलो की दोन पिशव्या? पोराला काही माहीत नव्हतं. वडिलांचा फोन लागत नव्हता. शेजारच्या काउंटरवरच्या नव्या मुलानं पोराला विचारलं, "अरे, नीट सांग ना, कुठलं पाहिजे?" पोरगा गोंधळला. उत्तर ठाऊक असतं तर तो गोंधळलाच नसता; त्याला तोच प्रश्न दोनदा विचारून काय मिळणार?

मी त्याला विचारलं, "बाग कशाची?" म्हणाला, द्राक्षाची. "छाटणीला किती दिवस झाले?" हे मात्र त्याला तोंडपाठ होतं. द्राक्षबागायतदाराच्या घरात ऑक्टोबर छाटणीपासूनचे दिवस लहान मूलही मोजतं. "शंभर झाले. मण्यात पाणी उतरलंय." मग प्रश्नच मिटला. मण्यात पाणी उतरल्यावर गोडी भरायला पालाश लागतं; स्फुरदाची वेळ केव्हाच मागे गेलेली असते. झिरो झिरो पन्नास. आणि "टाकी केवढी, ठिबकवर किती एकर?" एवढं विचारल्यावर दोनचाही उलगडा झाला.

यात माझी हुशारी नव्हती. आकड्याबद्दलचा प्रश्न पोराला सुटत नव्हता, पण बागेबद्दलचा सुटत होता. माझ्या हाताखाली शिकलेल्या मुलांना मी एवढंच शिकवलं: चिठ्ठी कळली नाही तर चिठ्ठीबद्दल विचारू नका, शेताबद्दल विचारा. डाळिंबवाल्याला बहार विचारा, मृग की हस्त की आंबे. ऊसवाल्याला विचारा, लावण की खोडवा. माणूस ज्यात वाकबगार आहे त्यातलं विचारलं की त्याचा आवाज बदलतो, आणि आपल्यालाही कळायला लागतं.

उसाचं सांगतो, कारण त्यात आकड्यांची गंमत जास्त खोल आहे. आपल्या जिल्ह्यात शेतकरी 'शहाऐंशी झिरो बत्तीस' म्हणतो, 'दोनशे पासष्ट' म्हणतो आणि जुने लोक अजून 'सातशे चाळीस'ची आठवण काढतात. पहिला म्हणजे को ८६०३२. 'को' म्हणजे कोईमतूर, तिथल्या ऊस पैदास केंद्राचं नाव. ८६ म्हणजे १९८६ साल. ०३२ हा त्या सालातला अनुक्रमांक. सातशे चाळीसमध्ये मात्र सालबिल काही नाही. तो जुन्या पद्धतीचा सरळ चढता क्रमांक. आणि दोनशे पासष्ट? ते मूळचं कोएम ०२६५. 'एम' महाराष्ट्राचा, पाडेगावच्या संशोधन केंद्राचं काम, ०२ म्हणजे २००२ साल, ६५ हा क्रमांक. वाण 'फुले २६५' या नावानं गाजला, पुढचं शून्य गळालं, आणि साल व क्रमांक एकमेकांत मिसळून दोनशे पासष्ट ही एक नवीच संख्या तयार झाली. कुणाचं त्यात नुकसान झालं नाही. पण कागदोपत्री वाण शोधायला गेलेला विद्यार्थी '२६५' घालून शोधत बसला तर त्याला मूळ नोंद सापडायला वेळ लागेल, आणि त्यात त्याचा दोष नसेल.

हाच 'एम' ज्वारीत आला की अर्थ बदलतो. एम ३५-१ मधला एम मालदांडीचा. आपल्या मोहोळच्या संशोधन केंद्रात १९३०च्या दशकात स्थानिक मालदांडीतून निवडलेला हा वाण. ज्वारीच्या हुरड्यापासून कडब्यापर्यंत आपलं सगळं त्याच्यावर उभं आहे, मंगळवेढ्याच्या ज्वारीला पुढे भौगोलिक मानांकनही मिळालं, पण बियाण्याच्या पिशवीवर 'एम ३५-१' छापलेलं बघून "हे नको, आम्हाला मालदांडी द्या" म्हणणारे शेतकरी मी पाहिलेत. त्यांना अडाणी म्हणायची ज्यांना सवय आहे त्यांना मी विचारतो, मोहोळच्या मातीतून निघालेल्या धान्याचं नाव मोहोळच्याच शेतकऱ्याला वाचता येऊ नये असं छापलं कुणी? एक अक्षर, उसात महाराष्ट्र, ज्वारीत मालदांडी, गाडीच्या पाटीवर एमएच होऊन पुन्हा महाराष्ट्र. संकेत करणाऱ्यानं तो करून ठेवला आणि निघून गेला. उलगडायचं काम काउंटरवरच्या माणसाच्या वाट्याला आलं.

संकेत करणाऱ्यांत थोर माणसंही होऊन गेली. १९७२ साली, म्हणजे त्या आईच्या पत्रांच्या पुढच्याच वर्षी, १५ ऑगस्टला आपल्या देशात पिनकोड आला. तो रचणारे श्रीराम भिकाजी वेलणकर आपलेच, कोकणातले, टपाल खात्यातले मोठे अधिकारी आणि संस्कृतचे कवी. कवीच्या हातून सहा आकड्यांची ही योजना निघाली याचं मला अप्रूप वाटतं. त्यांच्यापुढे प्रश्न होता तो असा: देशभर एकाच नावाची कितीतरी गावं, पत्ते निरनिराळ्या लिपींत, आणि पत्रांची छाननी करणाऱ्याला त्या सगळ्या लिपी येणार कुठून? कासेगावच घ्या. आमच्या पंढरपूर तालुक्यात कासेगाव आहे, सांगली जिल्ह्यात वाळव्याला कासेगाव आहे. दोन्हीकडे ऊस, दोन्हीकडे तीच आडनावं. वडगाव, पिंपळगाव, नांदगाव यांची तर गणतीच नको. आपल्या पूर्वजांनी खुर्द आणि बुद्रुक लावून शेजारशेजारच्या गावांची सोय केली, पण मुंबईच्या छाननी टेबलावर खुर्द कुठलं नि बुद्रुक कुठलं कोण सांगणार?

पिनकोडातला पहिला आकडा विभागाचा. चार म्हणजे महाराष्ट्र, गोवा, मध्य प्रदेश आणि आता छत्तीसगड. पहिले तीन मिळून छाननीचा जिल्हा कळतो, शेवटचे तीन टपालघराचे. सोलापूरचा ४१३००१. म्हणून आपल्याकडे पुष्कळांना वाटतं, ४१३ म्हणजे सोलापूर. तसं नाही. बारामती ४१३१०२ आहे, लातूर ४१३५१२ आहे. टपालाच्या थैल्या ज्या वाटेनं जात होत्या त्या वाटेचा तो आकडा. कलेक्टर कचेरीच्या हद्दीशी त्याचं देणंघेणं नाही. एका बियाणे कंपनीच्या माणसानं एकदा पिनकोड पाहून लातूरकडचा माल सोलापूरच्या खात्यात घातला होता आणि तो घोळ निस्तरायला आम्हाला हंगाम लागला. आकडा खरा होता. त्याच्यातून काढलेला अर्थ चुकीचा होता.

रेल्वेचं उदाहरण तर रोजचं. आपल्या स्टेशनचा संकेत एस-यू-आर. बाहेरगावचा माणूस तो वाचतो आणि सुरत समजतो. सुरतेचा संकेत आहे एस-टी, आणि एसटी म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे लाल गाडी उभी राहते!

जमिनीच्या नंबरांवर खरं तर वेगळं व्याख्यान व्हायला हवं. इथे एकच सांगतो, कारण त्यात घरं मोडतात. तुकडेजोडीचा कायदा १९४७ चा. त्याखाली एकत्रीकरण झालं तिथे जुने सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले. एकाच गावात सर्व्हे नंबर पंचेचाळीस एका ओढ्याकाठी आणि गट नंबर पंचेचाळीस दुसऱ्या टोकाच्या माळावर असू शकतो. आजोबा 'पंचेचाळीसमधली जमीन' म्हणत गेले, नातवानं सातबारावर पंचेचाळीस शोधला आणि परक्याच्या शेताचा उतारा घेऊन आला. म्हातारा माणूस आकडा सांगतो तेव्हा तो कोणत्या सालातला सांगतोय, हे विचारल्याशिवाय पुढे जाऊ नये. त्याला विचारा, विहीर कुठे होती, बांधावर कुठलं झाड होतं.

हे काम विद्वानांनी केलं की आपण त्याला संशोधन म्हणतो. इतिहासाचार्य राजवाडे यांनी १८९८ साली 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने'चा पहिला खंड छापला. पानिपतच्या आगेमागचा पत्रव्यवहार. त्या काळच्या पत्रांत चंद्र, म्हणजे तारीख, आणि महिना असतो, पण साल पुष्कळदा नसतंच. घेणाऱ्याला ते ठाऊक होतं, मग लिहिणाऱ्यानं कशाला लिहावं? साल असलंच तर ते सुहूर सनाचं, अरबी संख्यावाचक शब्दांत आणि उलट्या क्रमानं: इहिदे सितैन मया व अलफ. एक, साठ, शंभर आणि हजार. अकराशे एकसष्ट. जानेवारी १७६१, पानिपतचा सन. हा सन मृग लागला की बदलतो, त्यामुळे इसवी सन काढताना मृगाआधीच्या महिन्यांत सहाशे मिळवायचे आणि नंतरच्यांत पाचशे नव्याण्णव. एवढं चुकलं की लढाईआधीचं पत्र लढाईनंतरचं होऊन बसतं. आणि वर संक्षेप: 'मौ॥' मौजे, 'मु॥' मुक्काम, 'रा॥' कुठे राजश्री तर कुठे रवाना. साल नसलेल्या पत्राचं साल राजवाड्यांनी ठरवलं ते पत्रातल्या माणसांवरून. कोण कुठे होता, कोणाचा मुक्काम हलला होता, कोण अजून जिवंत होता.

राजवाड्यांची आणि दुकानातल्या पोराची बरोबरी कुणाला खटकेल. मला ती मनापासून करायची आहे. 'छाटणीला किती दिवस झाले' हा प्रश्न आणि 'या तारखेला पेशव्यांचे भाऊसाहेब कुठे होते' हा प्रश्न एकाच जातीचे आहेत. फरक इतकाच की राजवाड्यांना उत्तर देणारा माणूस दीडशे वर्षांपूर्वी गेलेला होता. आपल्या समोर तो चप्पल काढून उभा असतो, आणि तरी आपण त्याला विचारत नाही.

आता आकडा बोलण्याबद्दल. सोलापूर हे मराठी, तेलुगू, कन्नड तिन्ही बोलणारं गाव. सुताच्या पेढीवर मी लहानपणी वडिलांबरोबर जायचो. 'दोन वीस'चं सूत म्हटलं की वीस नंबरी दोन धागे पिळलेले. सुताचा नंबर म्हणजे एका पौंडात आठशे चाळीस वारांच्या किती लडी बसतात तो हिशेब. म्हणून नंबर चढला की धागा बारीक होतो. नवखं गिऱ्हाईक नेमकं उलटं समजतं आणि चादरीसाठी जाड सूत हवं म्हणून मोठा नंबर मागतं. पद्मशाली विणकर वीस आणि पाच म्हणताना तेलुगूत आधी वीस उच्चारतो, मग पाच. मराठीत आपण 'पंचवीस' म्हणतो, आधी पाच. 'त्रेपन्न' ऐकणारा घाईत तीन लिहून मग पाच लिहितो आणि पस्तीस करून ठेवतो. पेढीवरचे जुने मुनीम म्हणून आकडा ऐकल्यावर तो दुसऱ्या भाषेत उलट म्हणून दाखवायचे. मराठीत आला तर तेलुगूत, तेलुगूत आला तर मराठीत. समोरच्यानं मान हलवली की मगच वहीत उतरायचा.

२०१९ साली बालभारतीच्या दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात 'बावीस'च्या जोडीला 'वीस दोन' आलं तेव्हा केवढा गदारोळ झाला! दिवंगत मंगलाताई नारळीकरांना त्यासाठी नको ते ऐकावं लागलं. मला त्यांचं म्हणणं पटत होतं आणि आजही पटतं. बावीस, त्रेपन्न, एकोणऐंशी हे आपलं धन आहे, ते मोजायला ठेवू. पण खातेक्रमांक, औषधाची बॅच, फोन नंबर हे मोजायचे आकडेच नव्हेत. ती नावं आहेत. नाव एकेक अक्षर करून सांगावं, तसा संकेत एकेक आकडा करून सांगावा: पाच, तीन. फोनवर 'सत्त्याऐंशी' आणि 'सत्त्याण्णव' यांत किती जणांची बियाणं चुकीच्या गावी गेली हे मी डोळ्यांनी पाहिलंय.

चांगला संकेत करणारा माणूस हे आधीच धरून चालतो की माणसं चुकणार. गाडीच्या सतरा खुणांच्या चेसिस नंबरात आय, ओ आणि क्यू ही अक्षरं वापरतच नाहीत, कारण ती एक आणि शून्यासारखी दिसतात. आधारचा बारावा आकडा आधीच्या अकरांवरून गणितानं काढलेला असतो. व्हेरहूफ नावाच्या डच गणितज्ञाची ती पद्धत. एक आकडा चुकला किंवा शेजारचे दोन उलटसुलट झाले की यंत्र तिथेच अडतं. बँकेच्या आयएफएससीत पाचव्या जागी नेहमी शून्य असतं, ओ कधीच नसतो; हे एक वाक्य पासबुकावर ठळक छापलं तर किती चकरा वाचतील!

दवाखान्यात मात्र चूक पोटात जाते. १-०-१ म्हणजे सकाळी एक, दुपारी नाही, रात्री एक. हे आता खेड्यातही बहुतेकांना कळतं. पण 'एसओएस' म्हणजे गरज पडली तरच, हे किती पेशंटांना कुणी सांगतं? माझ्या सख्ख्या मावशीनं तशी लिहिलेली झोपेची गोळी सहा महिने नेमानं घेतली. कागदावर लिहिलंय म्हणजे घ्यायची. दवाखान्याचं नाव मी घेणार नाही. तिथल्या डॉक्टरांनी लिहिलं ते बरोबरच होतं. इन्शुलिनच्या चिठ्ठीवर युनिटसाठी इंग्रजी 'यू' जोडून लिहिला की तो शून्यासारखा दिसतो आणि दहाचे शंभर होतात, म्हणून 'युनिट' हा शब्द पुरा लिहावा असं जगभर सांगतात. आणि एका अक्षराची गोष्ट तर मुंबईचीच. रक्तगट 'ओ' म्हणून तपासणीत दिसणारी काही माणसं खरी 'ओ' नसतातच. त्यांना ओ गटाचं रक्तही चालत नाही. १९५२ साली डॉ. भेंडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हे मुंबईत शोधलं आणि त्या गटाला जगात 'बॉम्बे' हे नाव पडलं. 'ओ पाहिजे' एवढ्या दोन शब्दांवर विसंबून न राहता रक्तपेढीतला माणूस थेंबाशी थेंब जुळवून पाहतो, तेव्हा तो चिठ्ठीच्या पलीकडचं विचारत असतो.

आता मला माझी चूक सांगायची आहे. इतकी वर्षं ती मी सभेत सांगितली नव्हती.

एक ऊसवाला शेतकरी आला. चिठ्ठी स्वच्छ, अक्षर मोत्यासारखं: 'टू फोर डी, ईस्टर ३८ टक्के, १ लिटर'. या तणनाशकाचे आपल्याकडे तीन प्रकार मिळतात. ईस्टर ३८ टक्के, अमाइन ५८ टक्के, सोडियम ८० टक्के. बहुतेक लोक नुसतं 'टू फोर डी' म्हणतात आणि आम्ही विचारत बसतो. यानं सगळं लिहून आणलं होतं. मला बरं वाटलं. बाटली दिली, बिल दिलं, पुढचं गिऱ्हाईक घेतलं. पंधरा दिवसांनी दुसराच शेतकरी द्राक्षाच्या काडीसकट दुकानात आला. पानं पंख्यासारखी आखडलेली, शिरा उभ्या राहिलेल्या. त्याची बाग त्या उसाला लागून होती. ईस्टर हवेत उडून लांब जातं, आणि द्राक्षाला त्याचा वासही सोसत नाही.

चिठ्ठीत संदिग्ध असं काहीच नव्हतं. मी एकही आकडा चुकीचा वाचला नव्हता. पण 'शेजारी काय आहे?' हा प्रश्न मी विचारला नाही, कारण चिठ्ठी इतकी स्पष्ट होती की विचारायची गरजच वाटली नाही. त्या बागायतदाराचा त्या वर्षीचा माल गेला. त्याच्या मुलीचं लग्न त्या उन्हाळ्यात ठरलेलं होतं, ते एक वर्ष पुढे गेलं. त्यानं मला एक अवाक्षर ऐकवलं नाही. ती काडी मात्र काउंटरवर ठेवून गेला.

मास्तर तेव्हा थकले होते, पण हयात होते. मी त्यांच्याकडे जाऊन सगळं सांगितलं. ते बराच वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "चुकीचा पत्ता असलेलं पत्र आपण चारदा बघतो रे. बरोबर पत्त्याचं कुणी बघतच नाही." त्यानंतर माझ्या दुकानात तणनाशकाची बाटली हातात देण्याआधी चारी बांधांना काय आहे ते विचारायचं, असा नियम झाला. कितीही गर्दी असो. लोक चिडले, दुसऱ्या दुकानात गेले, परतही आले.

आज नवी पिढी नुसता आकडा फोनमध्ये टाकते. फोन क्षणात काहीतरी समोर ठेवतो, आणि अशा ठाम भाषेत की शंका येऊ नये. तरुण मित्रांनो, फोन जरूर वापरा, मीही वापरतो. पण त्याला बाग सांगा, दिवस सांगा, शेजारचं पीक सांगा; नुसतं '०५०' टाकून जे येईल ते फवारू नका.

मास्तरांच्या नावानं मला आज इथल्या सगळ्यांकडे दोन गोष्टी मागायच्या आहेत. चिठ्ठी लिहिणाऱ्यांनी आकड्यापुढे एक शब्द मराठीत लिहावा. '०-०-५०, द्राक्ष, दोन पिशव्या'. 'गट ४५, विहिरीचा'. आणि खाली लागणारा फोन नंबर. आणि जे काउंटरच्या आत बसतात, दुकानात, बँकेत, तलाठी कचेरीत, औषधांच्या दुकानात, त्यांनी चिठ्ठी आणणाऱ्याला "नीट सांगता येत नाही का" हे वाक्य बोलू नये. खुर्ची द्यावी, पाणी द्यावं आणि घरचं, शेताचं, आजाराचं विचारावं.

ती आई पुढेही पोस्टात येत राहिली. तिचा मुलगा मार्चमध्ये रजेवर घरी आला. छप्पन एपीओ कुठे आहे, हे त्यानंही तिला कधी सांगितलं नाही.